न फुटणाऱ्या बांगड्या

रंजनाचा फोन आला तेव्हा मी दुकानात होते. कामोठ्यात एका हार्डवेअरच्या दुकानाचं टॅक्सचं आणि बिलांचं काम मी बघते. रंजनाचं नाव दिसलं की मी हॅलोच्या जागी "मावशी कशी आहे?" असंच विचारते. त्या दिवशीही तेच विचारलं. पलीकडे मागे कुणीतरी पातेलं घासत होतं. मग ती म्हणाली, "आयस गेली गो. सकाली चाय पिली, न भितीला टेकून बसली ती बसलीच." मी मालकांना सांगितलं आणि तशीच निघाले. सारसोळ्याला पोचले तेव्हा अंगणात बायका दाटून बसल्या होत्या. मी कडेला जागा करून बसले. शेजारच्या म्हातारीने मला खालून वर पाहिलं आणि विचारलं, "तू कोनाची गो?" रंजना मध्येच म्हणाली, "आयची मैत्रीन हाय." म्हातारी सोडणाऱ्यातली नव्हती. "कंची मैत्रीन? कवा झाली?" रंजनाने माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, "जुईनगरची आहे मी, आजी." ते खरंच होतं. मयताच्या दारात याहून जास्त बोलायचं नसतं म्हणून मी गप्प बसले. आता काही आठवडे उलटून गेलेत, आणि इथे मला सगळं बोलता येईल. कमळामावशी आणि मी तुरुंगात भेटलो. एका बॅरकमध्ये वर्षभराहून जास्त काळ आम्ही शेजारी झोपलो. तिच्या माझ्यात याशिवाय दुसरं नातं नव्हतं, आणि याच्याइतकं जवळचं नातं मला आजवर मिळालेलं नाही.

माझं थोडक्यात सांगते. माझे वडील, ज्यांना आम्ही दादा म्हणतो, साताऱ्याकडून येऊन इथल्या मार्केटमध्ये माथाडी झाले. पाठीवर गोणी वाहून त्यांनी मला शिकवलं. आमच्या घराण्यात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिली. पदवीदानाचा फोटो आमच्या घरात देवांच्या फोटोंच्या रांगेत लावलेला आहे, त्यालाही दसऱ्याला फूल वाहिलं जातं. एका छोट्या पतसंस्थेत मला नोकरी लागली आणि तिथे जे झालं त्यात सह्या माझ्या होत्या. केस चालू आहे म्हणून त्यावर लिहीत नाही. मी चोरी केलेली नाही, एवढं लिहिते. पहिल्या संध्याकाळी मला आत सोडलं तेव्हा गिनती चालू होती. गिनती म्हणजे माणसं मोजणं. सकाळी बॅरक उघडताना आणि संध्याकाळी बंद करताना सगळ्यांनी दोघीदोघींच्या जोड्या करून ओळीत उकिडवं बसायचं, म्हणजे शिपाई मॅडमला मोजायला सोपं जातं. मला कुणी जोडीला घेईना. नवी बाई म्हणजे रडणार, उलट्या करणार, रात्रभर झोपू देणार नाही. ओळीच्या शेवटी एक काळीसावळी, रुंद खांद्यांची बाई एकटीच बसली होती. तिने हाताने शेजारची फरशी थोपटली आणि म्हणाली, "इकरं ये. माजी जोरी परवा सुटून गेली. बस हितं. रराचा असंल तं गिनती झाल्यावर रर, मधी ररलीस तं मोजनी चुकतंय न मंग पुन्ना सुरवात." मी रडायचं थांबले. तिने विचारलं, "शिकलेली दिसतंस. किती?" मी म्हटलं, "बी.कॉम." "मंग तुजा नाव बीकॉम," ती म्हणाली, आणि बाहेर पडेपर्यंत मला त्या बॅरकमध्ये दुसरं नाव राहिलं नाही. सुरुवातीला मला तो टोमणा वाटला. पुढे कळलं, त्यात तिला माझा थोडासा अभिमानही होता.

बाहेरच्या लोकांना वाटतं, तुरुंग म्हणजे मारामाऱ्या. तिथे खरी असते ती रांग. नळाची रांग, संडासची रांग, चहाची रांग, आणि या सगळ्या रांगा संपल्या की उरलेला, काहीही करायला नसलेला दिवस. झोपायला प्रत्येकीला फरशीची एक पट्टी. आपल्या कांबळ्याच्या रुंदीएवढीच, त्यापलीकडे दुसरीची हद्द. मी पहिल्या रात्री पाय पसरले तर मावशी म्हणाली, "सरक गो, शिकलेली मानसा काय दोन जनांची जागा खातान?" दुपारी जेवण झालं की पुन्हा बंदी. बाहेरून कुलूप लागायचं आणि पंखे फिरवतील तेवढीच हवा. त्या दुपारी मावशी स्वयंपाक करायची. तोंडाने. भिंतीला टेकून, डोळे मिटून विचारायची, "बीकॉम, आज काय रांधू?" मी मटणाच्या घरातली, मला माशातलं काय कळणार? मी म्हणायचे, "काहीही कर." "काईपन म्हंजे काय? तुज्या ऑफिसात काईपन लिवतंस का?" मग ती स्वतःच ठरवायची. जिताडा असला तर त्याचे खवले कुठून कुठे ओढायचे, चिंबोऱ्यांच्या नांग्या कशा ठेचायच्या, चिखलातल्या निवट्यांना राख कशी चोळायची, चिंच कधी घालायची. सगळ्या बॅरकमधल्या बायका गप्प व्हायच्या. पलीकडच्या कोपऱ्यातली शाकाहारी बाई नाकाला पदर लावायची, आणि तरी ऐकत राहायची. शेवटी मावशी विचारायची, "मीठ झालंय का बग." आणि कुणी ना कुणी म्हणायचीच, "जरा कमी आहे." त्यानंतर संध्याकाळचं खरं जेवण यायचं, पाण्यासारखी डाळ आणि वातड चपाती. ती मीठ न विचारता जेवायची.

तिच्या दोन्ही हातांत हिरव्या बांगड्या होत्या, तीन इकडे आणि तीन तिकडे. प्लास्टिकच्या. काचेच्या बांगड्या आमच्याकडे आत चालत नव्हत्या. काच म्हणजे कुणी शिरा कापून घेईल, ही भीती. तिला आणलं तेव्हा तिच्या हातातला हिरवा चुडा गेटवरच उतरवला होता. त्यासाठी तिने आठवडाभर त्रागा केला म्हणे, जेवली नाही, की नवरा जिवंत असताना माझे हात बोडके का केले. शेवटी रंजनाने मुलाकातीला, म्हणजे भेटीला, येताना प्लास्टिकच्या आणल्या आणि मॅडमनी त्या आत येऊ दिल्या. मावशीला त्या कधीच पसंत पडल्या नाहीत. "वाजत नाय गो त्या," ती म्हणायची. "मी घरात चालली का नाखव्याला कलाचा, कंच्या खोलीत हाय मी. आता बग." आणि हात हलवून दाखवायची. खरंच आवाज यायचा नाही. नाखवा म्हणजे तिचा नवरा, धर्मा. खाडीत त्याची छोटी होडी होती. तो मासळी आणायचा, ही टोपलीत घालून नेरुळच्या इमारतींच्या दाराशी विकायची. सरकारने घेतलेल्या त्यांच्या जमिनीच्या बदल्यात मिळालेल्या साडेबारा टक्क्यांच्या प्लॉटवरून चुलतभावांत भांडण लागलं, हाणामारी झाली, आणि त्यात पुतण्या पडला तो उठला नाही. मावशी त्या वेळी अंगणात मासळी कापत बसली होती. हातात कोयती होती, तशीच उठून मध्ये धावली. कोयती हातात असलेली बाई एवढं पुरलं. दोघांनाही अटक झाली. नाखव्याला मूत्रपिंडाचा आजार, डायलिसिसवर असायचा, म्हणून त्याला जामीन मिळाला. हिला मिळाला नाही. तिने काय केलं, काय नाही, मी कधी विचारलं नाही. आत कुणाची केस विचारायची नसते. ती मात्र एकच गोष्ट पुन्हा पुन्हा म्हणायची. "मना निर्दोष नाय बोलले तरी चालंल. नाखवा हाय तवर घरी पोचाला पायजे मी, बस. त्याला पानी मोजून देवाचा असतंय. रंजना पोर हाय, तिला नाय जमाचा."

मुलाकातीला रंजना यायची. काचेच्या अलीकडे आम्ही, पलीकडे घरचे, मध्ये फोन, आणि सगळ्या एकदम बोलत असल्यामुळे प्रत्येकीला ओरडावं लागायचं. दादा आणि रंजना बहुतेक एकाच दिवशी यायचे, त्यामुळे माझी आणि मावशीची खिडकी शेजारीशेजारी असायची. मावशीचा पहिला प्रश्न ठरलेला. "बाबा कसा हाय?" रंजना म्हणायची, "बरा हाय. पाय सुजलेत म्हनून आयला नाय." "पानी किती पितंय?" "तू सांगलास तेवराच." मावशी परत बॅरकमध्ये आली की मला शब्दन्‌शब्द सांगायची, मी शेजारीच उभी होते हे विसरून. वटपौर्णिमेला तिने उपास धरला. आवारात वडाचं झाड नव्हतं, एक बदामाचं होतं. बायका म्हणाल्या, बदामाला कसं चालेल? मावशीने जुन्या कांबळ्याची कड उसवून सूत काढलं होतं. ती म्हणाली, "सावित्रीनं काय झारं मोजली व्हती? देवाला मानसाचा मन कलतंय, पाला नाय कलत. चला, गुंडाला." आणि त्या खुरट्या बदामाभोवती दहाबारा बायका फेऱ्या मारायला लागल्या. त्यातल्या दोघी नवऱ्याच्याच खुनाच्या आरोपाखाली आत होत्या. त्याही फिरल्या. ड्युटीवरची शिपाई मॅडम तोंड फिरवून हसत होती. मावशी मात्र हात जोडून, डोळे मिटून, ओठ हलवत फिरत होती. मी जवळून ऐकलं. ती देवाला नाखव्याच्या औषधांची नावं सांगत होती.

त्याच्या पुढच्या मुलाकातीला दादा आले. इकडचं तिकडचं झालं आणि निघता निघता म्हणाले, "तुज्या त्या कोळीण मावशीचा मालक गेला म्हनं की. लई वंगाळ झालं. बाहेर लायनीत बाया बोलत हुत्या. शिमग्याच्या आदीच गेला म्हनं." मी शेजारच्या खिडकीकडे पाहिलं. काचेला कान लावल्यासारखी मावशी फोन धरून उभी होती आणि रंजना तिला सांगत होती, "बरा हाय. काल निवट्यांचा कालवन खाल्लान." दादांना वाटलं, मावशीला माहीत असणारच. त्यांचं बिचाऱ्यांचं काय चुकलं? पुढे सगळं कळलं. नाखवा गेला त्या दिवशी घरातल्या जाणत्या माणसांनी बसून ठरवलं, की कमळाला सांगायचं नाही. आत एकटी आहे, डोकं आपटून घेईल. सुटून आली की सांगू, तेव्हा चार बायका धरायला असतील. त्यांच्यात नवरा गेलेल्या बाईला एकटं ठेवत नाहीत. दहा दिवस बायका तिला घेरून बसतात, दहाव्याला खाडीवर नेऊन चुडा फोडतात, रडवतात, न्हाऊ घालतात. घेरून बसणाऱ्या बायकांशिवाय तिला ही बातमी द्यायची कशी, हा त्यांचा प्रश्न होता. त्यात वाईट हेतू कुणाचाच नव्हता. आमच्या बॅरकमध्ये झोपायला पट्टी पुरत नाही इतक्या बायका आहेत, हे कुणाच्या डोक्यातही आलं नाही. वकिलामार्फत अर्ज केला असता तर पोलीस बंदोबस्तात तासाभरासाठी तरी अंत्यदर्शनाला नेतात, असं आतल्या जुन्या बायका सांगायच्या. तो अर्ज कुणी केला नाही.

मी बॅरकमधल्या सर्वांत जुन्या शेवंताबाईला बाजूला घेऊन सांगितलं. ती म्हणाली, "गप बस. इथं खोटं हेच औषध असतं. तू काय डॉक्टर आहेस?" मी म्हटलं, "नवरा तिचा आहे. बातमी तिची आहे. सगळ्या गावाला ठाऊक, बाहेरच्या लायनीला ठाऊक, आता मला ठाऊक, आणि तिलाच नाही?" शेवंताबाई म्हणाली, "सांगशील आणि मग काय करशील?" तरी दुसऱ्या दिवशी सकाळी कपडे धुताना, हौदाजवळ, मी सांगितलं. मला गोड करून बोलता येत नाही. मी म्हटलं, "मावशी, नाखवा गेला. दादांनी बाहेर ऐकलं. रंजना तुला सांगत नाहीये." तिच्या हातात साडी होती, ती पिळत होती. पूर्ण पिळली. झटकली. दोरीवर टाकली, टोकं सरळ केली. मग विचारलं, "कवा?" मी म्हटलं, "शिमग्याच्या आधी." तिने त्या बदामाच्या झाडाकडे पाहिलं. सूत अजून खोडाला होतं, पावसाने काळं पडलेलं. "मंग उपास कोनाचा धरला मी?" ती म्हणाली. आरोप नव्हता त्यात, खरंच विचारत होती. मग ती हौदाशी गेली, उजवा हात उचलला आणि सिमेंटच्या कडेवर आपटला. पुन्हा आपटला. मनगट सोलवटलं, बांगड्या तशाच. तिने एक काढून जोरात फरशीवर मारली, ती उडी घेऊन नळाखाली जाऊन पडली. कुणीतरी ओरडलं, शिपाई मॅडम येताना दिसली. मावशीने वाकून बांगडी उचलली, धुतली, माझ्यापुढे धरली. "बग गो, बीकॉम. फुटत पन नाय." आणि परत हातात घातली. त्या संध्याकाळच्या गिनतीला ती माझ्या शेजारी नेहमीसारखी बसली. रडली नाही. रडली असती तर मोजणी चुकली असती.

मला वाटलं, आता पुढच्या मुलाकातीला ती रंजनाला फाडून खाईल. मी दादांशी काय बोलले ते मला आठवत नाही, माझा सगळा कान शेजारी. मावशीने फोन उचलला आणि विचारलं, "बाबा कसा हाय?" रंजना म्हणाली, "बरा हाय." मावशी म्हणाली, "आज काय खाल्लान?" "चिंबोरी आनलीवती. दोन खाल्लान." "दोन? एवरी देव नको गो. पानी?" "मोजून देतंय मी." परत येताना जिन्यात मी म्हटलं, "मावशी, हे काय? तिला सांग ना, की तुला माहीत आहे." ती थांबली. म्हणाली, "बोलू दे तिला. ती बोलतंय तवर तो घरात हाय. चिंबोरी खातंय. मी सांगलू तं मंग पुरच्या टायमाला काय बोलाचा आमी दोगींनी त्या काचेतून?" त्यानंतर प्रत्येक मुलाकातीला हेच. मेलेला नाखवा जेवला, भांडला, होडीला डांबर लावलं, दाढी करायला न्हाव्याकडे गेला, शेजारच्या पोराला घेऊन जेटीवर बसला. रंजना रचत होती आणि मावशी त्यातल्या चुका काढत होती. "डांबर आता कनाला लावलान? पावसात?" रंजना गडबडायची, सावरायची. बॅरकमध्ये आल्यावर मावशी ते मला सांगायची आणि सांगून झालं की भिंतीकडे तोंड करून झोपायची. दुपारचा स्वयंपाक तिने बंद केला. बायकांनी बरेच दिवस आग्रह केला. ती म्हणायची, "जेवनार कोन हाय?" मी तिला खरं सांगितलं ते चूक होतं असं मला आजही वाटत नाही. पण शेवंताबाईने विचारलेला प्रश्न तसाच आहे. सांगितलंस, आणि मग काय केलंस? काही नाही. काही करताच येत नव्हतं. तिला धरून बसायचं तर रात्री पट्टी ओलांडली म्हणून पलीकडची कुरकुरायची.

माझा जामीन झाला तेव्हा दिवाळी जवळ आली होती. सुटणाऱ्या बाईने मागे वळून बघायचं नाही, बघितलं तर पुन्हा यावं लागतं, असा आत समज आहे. मी शिकलेली, पण मीही वळले नाही. त्यामुळे तिचा त्या वेळचा चेहरा माझ्याकडे नाही. ती पुढच्या उन्हाळ्यात जामिनावर सुटली. रंजनाने मला आदल्या दिवशी फोन केला होता. तेव्हा ती मला फक्त आईच्या बॅरकमधली म्हणून ओळखायची. मी सारसोळ्याला गेले तेव्हा बायका आधीच जमल्या होत्या. दारात तिच्या पायावर पाणी घातलं, आत नेलं. भिंतीवर नाखव्याचा फोटो, त्याला प्लास्टिकच्या फुलांचा हार. बायकांनी तिला घट्ट धरलं आणि हंबरडा फोडला, कारण आता ती कोसळणार हे सगळ्यांनी धरलं होतं. वर्षभर त्या या क्षणाची तयारी करत होत्या. मावशी उभी होती. फोटोकडे बघत होती आणि डोळे कोरडे. रंजना पायाशी पडून "आये, आमी तुना सांगला नाय गो" म्हणत रडत होती. मावशीने तिच्या डोक्यावर हात ठेवला, एवढंच. मग त्यांनी रीत केली. तिच्या हातातल्या प्लास्टिकच्या उतरवल्या, दोन्ही हातभर काचेचा हिरवा चुडा भरला, खाडीवर नेलं आणि जेटीच्या दगडावर फोडला. काय वाजला तो... इतके दिवस न वाजलेला सगळा आवाज एकदम. मावशी त्या तुकड्यांकडे बघत होती आणि मी तिच्याकडे. ती मला म्हणाली, अगदी हळू, "याच पायजे व्हत्या तवा." परत येताना माझ्यामागे दोघी कुजबुजत होत्या, "टिपूस नाय आला डोल्यात. जेलात रावन दगर झाली." मी वळून बोलणार होते. मावशीने माझं मनगट दाबलं.

त्यानंतर ती दीडेक वर्ष जगली. जगली म्हणजे तारखांना गेली, आली. मासळी पुन्हा धरली नाही. चार दिवस टोपली घेऊन नेरुळला गेली होती, पण एका सोसायटीच्या गेटवर कुणीतरी ओळखलं, आणि दुसऱ्या दिवशी वॉचमनने आत सोडलं नाही. कोयती घरात ठेवायची नाही असं वकिलाने सांगितलं होतं, तेही एक कारण झालं. मी महिन्यातून एखाद्या रविवारी जायचे. घरात पलंग होता, ती भिंतीलगत जमिनीवर झोपायची, कांबळ्याच्या रुंदीएवढ्या जागेत. रंजना म्हणायची, "आये, पाय तरी सोर." ती सोडायची नाही. संध्याकाळ झाली की ओटीवर येऊन उकिडवी बसायची, शेजारी एका माणसाची जागा सोडून. गावातल्या पोरांना वाटायचं म्हातारी कुणाची तरी वाट बघते. मी असले की त्या जागेवर जाऊन बसायचे. एकदा मी विचारलं, "मावशी, आता कशाला? कोण मोजतंय?" ती म्हणाली, "मोजत नाय, म्हनून तं बसतंय. कोन हाय, कोन नाय, कलाला नको?" तिच्या केसचा निकाल लागलाच नाही. आरोपी मयत म्हणून तिच्यापुरता खटला बंद होईल, असं वकील रंजनाला म्हणाला. निर्दोष नाही, दोषी नाही, बंद. तिने ते मागितलंही नव्हतं. तिला वेळेवर घरी पोचायचं होतं.

मावशीच्या बाराव्यानंतर रंजनाने मला थांबवून घेतलं. पाहुणे गेले होते. आम्ही दोघी ओटीवर बसलो. तिने पदराचं टोक बोटाला गुंडाळलं. मग म्हणाली, "एक विचारतंय, खरा सांग. तू खोटा बोलत नायस असा आय बोलाची. आयला आत असताना कवा कललाता का, बाबाचा?" दादांच्या मुलाकातीपासून या प्रश्नाची मी वाट बघत असणार, कारण मला जराही विचार करावा लागला नाही. मी म्हटलं, "माहीत होतं. मीच सांगितलं होतं. बाबांनी दोन चिंबोऱ्या खाल्ल्या असं तू म्हणालीस ना, त्याच्या आधी." रंजनाने माझ्याकडे पाहिलं. "म्हंजे त्या डांबराच्या टायमाला पन?" "हो." "न तरी इचाराची मना, पानी किती पितंय?" "हो. म्हणायची, ती बोलते तोवर तो घरात आहे." मला वाटलं होतं, हे ऐकून तिला बरं वाटेल, खोटं बोलल्याचं ओझं उतरेल. ती मात्र गुडघ्यांत डोकं घालून रडायला लागली. मधेच म्हणाली, "मना वाटाचा आय माज्यावर रुसली. घरी आली न ररली नाय, तवाच मना वाटला, ही मना माफ नाय कराची. म्हनून मी पन तिच्याजवल बाबाचा नाव काराचं टाललू. एका घरात रावलो गो आमी दोगी, दीर वर्स... एकदा तिला धरून रराचा होता मना. ती दगर झाली म्हनून मी गेलू नाय जवल." काच आत होती तशीच बाहेरही राहिली, आणि तिच्या दोन्ही बाजूंना एकेक बाई एकाच माणसासाठी रडं दाबून बसलेली. मावशी तर आता नव्हतीच. रंजना आत गेली, तोंड धुऊन आली, आणि माझ्या हातात एक फडक्याची पुरचुंडी दिली. "आयच्या उशाखाली होत्या. त्या दिशी बायांनी उतरवल्या, न हिनं उचलून ठेवल्या असतील. चितेवर ठेवाच्या होत्या, पन शेजारची म्हातारी बोलली, विधवेच्या अंगावर हिरवं नको. टाकवत पन नाय. तूच ठेव. तुना म्हाइत हाय त्यांचा."

सहाही आहेत. एका बांगडीला हौदाच्या सिमेंटने थोडा पांढरा घासा पडला होता असं मला आठवत होतं, पण शोधून सापडला नाही. माझ्या स्वयंपाकघरात ओट्याच्या वर भिंतीत एक खिळा आहे, त्यावर मी त्या अडकवल्यात. दादा आले होते, त्यांनी पाहिल्या, ओळखल्या असाव्यात. दुकानातून घरी आले की दिवा लावायच्या आधी मी जरा भिंतीला टेकून बसते, शेजारी जागा सोडून. आता ती सवय माझ्याकडे आली आहे. परवा वरच्या फळीवरचा डबा काढताना माझा हात लागला आणि सगळ्या बांगड्या खाली पडल्या. फरशीवर उड्या घेत गेल्या, एक तर थेट सिलिंडरच्या मागे. आवाज असा झालाच नाही. गुडघ्यांवर बसून, हात घालून मी एकेक काढली, धुतली, उजेडात धरून पाहिली. एकीलाही चीर गेली नव्हती.